मरण्यात हातखंडा

आमच्या शेजारचा धम्मानंद मेश्राम दर हिवाळ्यात मरतो. एरवी तो जरीपटका भागातल्या कापडाच्या दुकानात पडद्यांची मापं घेतो. दिवाळी झाली की गावोगाव रात्रभर चालणाऱ्या झाडीपट्टीच्या नाटकांत नायिकेचा बाप, म्हातारा कैदी, जे मिळेल ते होतो आणि शेवटच्या अंकात मरतो. तिकडचे प्रेक्षक दिलदार. मरण आवडलं की ‘वन्स मोअर!’ म्हणून ओरडतात. मग हा गृहस्थ उठतो, धोतर झटकतो, हात जोडतो आणि नव्या जोमानं पुन्हा मरतो. गाण्याला वन्स मोअर कुणीही घेईल हो, मरणाला घेऊन दाखवा!

पण त्याच्या बायकोनं, सरितानं, त्याचं मरण एकदाही पाहिलं नव्हतं. “माह्या डोयासमोर मराचं नाही,” हे तिचं लग्नापासूनचं फर्मान. धम्मानंद हसायचा, पण त्याला ते लागायचं. “अख्खं गाव रडते गा माह्यासाठी,” मला म्हणायचा, “अन् घरचीनं काही पाह्यलंच नाही.”

यंदा त्याला सिनेमा मिळाला. काम तेच. शूटिंगहून मात्र चेहरा पाडून आला. हा मेला तरी सगळे गप्प! दिग्दर्शक ‘ओके’ म्हणून चहाला गेला. हा वन्स मोअरची वाट पाहत पडून राहिला, तो सतरंजी गुंडाळणारा येईपर्यंत.

“फुकट मेलो गा,” तो म्हणाला.

सिनेमा सीताबर्डीत लागला तेव्हा अख्खी गल्ली निघाली, आणि चक्क सरिताही. “मानूस तं बाजूले बसून राहीन ना,” ती म्हणाली, “मंग कायचं भेव?”

धम्मानंद पडद्याकडे बघतच नव्हता, बायकोकडे बघत होता. पडद्यावरचा धम्मानंद खोकला, खाटेची दोरी धरली, लेकीकडे पाहून मान टाकली. सरिताचा चेहरा दगडासारखा. बिचाऱ्याचा जीव खरंच जायला आला.

तेवढ्यात ती ताडकन उभी राहिली.

“वन्स मोअर!”

मग काय, सगळी गल्ली ओरडायला लागली. पण सिनेमा कसला निर्दयी! बापाची राख निवायच्या आत नायिका बागेत नाचायलाही लागली.

“काहून नाही दाखवून राहिले पुन्हा?” सरिता खवळली.

धम्मानंद उठला. शर्ट नीट केला, बायकोला हात जोडले आणि खुर्च्यांमधल्या वाटेवर मेला. काय मेला राव! खोकला, लडखडला, माझ्या पायावर कोसळला. हसून हसून माझ्या डोळ्यांत पाणी आलं. टॉर्च घेऊन डोअरकीपर धावत आला.

सरिता वाकली. “उठा ना जी आता, लोकं पाहून राहिले.”

“अजून एकदा म्हण वं,” मयतानं डोळे न उघडता सांगितलं.

तिनं पदर कमरेला खोचला आणि म्हटलं, टॉर्चच्या उजेडात, सगळ्यांसमोर.