रशियन जहाजांच्या मागावर काकू

"जहाजाचं नाव नको सांगूस, बंदर सांग," असं म्हणून काकू समोरच्याचं बोलणं मध्येच तोडायच्या आणि उजव्या हाताचं बोट टेबलावरच्या मेणकापडावर टेकवायच्या. बातमी कुठल्याही युद्धाची असो, त्यांचा प्रश्न हाच. जहाज काय, पैसे असले की कुणीही बांधतो. ते उभं कुठे करणार, त्याला पाणी, तेल कोण देणार, मोडलं तर दुरुस्त कुठे होणार, हे आधी बोला, असं त्यांचं म्हणणं असायचं.

हे त्या माणसांनाही लावायच्या. मला इथे जर्मनीत कायमचं राहायची परवानगी मिळाली तेव्हा मी पेढे घेऊन खाली गेले, तर म्हणाल्या, "म्हणजे बंदर मिळालं म्हण." एका मुलीचं लग्न ठरलं, तर मुलगा काय करतो हे न विचारता तो राहतो कुठे, हेच विचारत बसल्या. अशी एकाच खुंटीवर सगळं टांगणारी माणसं तुम्हीही पाहिली असतील. आधी वैताग येतो, मग सवय होते.

मी ड्रेस्डेनला चिपच्या कारखान्यात नोकरीला आले आणि ज्या इमारतीत घर मिळालं, तिथे खालच्या मजल्यावर काकू राहत होत्या. पहिल्याच आठवड्यात मी जिन्यात उभी राहून आईशी फोनवर तावातावाने बोलत होते, तर खालून आवाज आला, "कोण गं तू? सांगलीची का?" मी चाटच पडले. सांगलीचीच होते. "हेलावरून कळतं," म्हणाल्या, आणि चहाला बोलावलं.

स्वतः त्या सोलापूरच्या. शिष्यवृत्ती मिळाली आणि रशियन शिकायला लेनिनग्राडला गेल्या. जन्मात पहिला समुद्र पाहिला तो तिथे, आणि तोही गोठलेला. पुढे आपली नौसेना रशियाकडून जहाजं ताब्यात घ्यायची, तेव्हा आपले खलाशी आणि त्यांचे इंजिनिअर यांच्यामध्ये उभं राहून दोघांचं एकमेकांना समजावून सांगायचं काम काकूंनी केलं. तिथल्याच एका गोदीत त्यांना पूर्व जर्मनीचा इंजिनिअर भेटला. लग्न करून ड्रेस्डेनला आल्या. तो जर्मन माणूस म्हणे "अहो" म्हटलं की वळून बघायचा. त्याला बिचाऱ्याला ते आपलं लाडाचं नाव वाटायचं. मी आले तेव्हा तो जाऊन बरीच वर्षं झाली होती, आणि काकू अजून "आमचे हे" म्हणत.

सकाळी चष्मा लावून, मांडीवर टॅब घेऊन काकू रशियन आरमार शोधत बसायच्या. इंग्लिश खाडीतून जाताना कुणी फोटो काढला, डेन्मार्कच्या पुलाखालून कुठलं जहाज गेलं, सगळं वाचायच्या. आमच्या मराठी मंडळात यावरून कुजबुज होतीच. गणपतीत एका पुण्याच्या सॉफ्टवेअरवाल्याने सरळ विचारलं, "काकू, एकदा सांगून टाका, तुम्ही नक्की कुणाच्या बाजूने?"

"मी यानच्या बाजूने," काकू म्हणाल्या आणि त्याच्या ताटात आणखी एक मोदक टाकला.

यान म्हणजे त्यांच्या मुलीचा मुलगा. जर्मन नौदलात होता. उंच, शांत पोरगा. मराठी सगळं समजायचं, उत्तर मात्र जर्मनमध्ये. तो जहाजावर गेला की कुठे आहे, कधी येणार, काही कळायचं नाही. घरच्यांना सांगायचं नसतं, हा नियम. मग काकूंनी आपली वाट काढली होती. त्यांनी मला मेणकापडावर वाट्या मांडून ती समजावून सांगितली होती.

"यान कुठे आहे ते पेपरात येत नाही. पण रशियन जहाज कुठे आहे ते येतं. आणि ते जिथून जातं तिथल्या देशाचं एक जहाज त्याच्या मागे लागतं, पुढच्या देशाच्या हाती देईपर्यंत. इंग्रज सोडतात, मग डच, मग आपले जर्मन. आल्झो, म्हणजे रशियन कुठे पोचलेत ते कळलं की यान कुठे आहे ते मला कळतं."

त्या बाईला रशियाचं काही पडलेलं नव्हतं. नातू समुद्रावर आहे आणि रात्री झोप यायला पाहिजे, एवढंच होतं.

सिरियातलं सरकार पडलं तेव्हा कारखान्यात, मंडळात, ट्राममध्ये सगळे त्यावर बोलत होते. काकूंना एकच घोर लागला होता. "तार्तूस जातंय की राहतंय?"

तार्तूस हे सिरियाच्या किनाऱ्यावरचं बंदर. भूमध्य समुद्रात रशियन आरमाराला हक्काने उभं राहायला तेवढीच एक जागा. काळ्या समुद्रात त्यांचं मोठं आरमार आहे, पण तुर्कस्तानने युद्धनौकांना वाट बंद केल्यापासून तिकडची जहाजं इकडे येऊ शकत नव्हती.

"मग तार्तूस गेलं तर बरंच की," मी म्हणाले.

"तुला बरं. ती जहाजं तेलपाणी घ्यायला, दुरुस्तीला जाणार कुठे? पार युरोपला वळसा घालून बाल्टिकमध्ये. म्हणजे आमच्या दारात. म्हणजे यानची रजा गेली."

आणि झालंही तसंच काहीसं. सामान न्यायला आलेली रशियन जहाजं तार्तूसबाहेर ताटकळत उभी राहिली. नवे राज्यकर्ते आत घेईनात, आणि ती निघेनात. काकू रोज सकाळी दोघांनाही दटावायच्या. "अरे, एकदाचं ठरवा ना! आत घ्या, नाहीतर जा म्हणा! पोरं लटकलीत इकडे!" दोन देशांना सोलापुरी मराठीत झापून झालं की मला म्हणायच्या, "उपमा घे, गार होतोय."

आता ल्युदाबद्दल सांगायला हवं. लेनिनग्राडच्या वसतिगृहात काकूंच्या खोलीत राहणारी मैत्रीण. तिने नौदलातल्या माणसाशी लग्न केलं आणि बाल्तीयस्कला गेली. पोलंड आणि लिथुआनियाच्या मध्ये रशियाचा जो तुटका तुकडा आहे, त्याच्या टोकाला हे बंदर. रशियाचं बाल्टिक आरमार तिथेच असतं. नवरा गेला, तरी ल्युदा तिथेच राहिली. शाळेत जर्मन शिकवायची, आता निवृत्त.

दर रविवारी जेवण झालं की काकूंच्या घरातला जुना फोन वाजायचा. मी असले तर काकू मलाही द्यायच्या, आणि पलीकडून शाळेतल्या बाईंच्या स्वच्छ जर्मनमध्ये विचारपूस व्हायची. मग दोघी रशियनमध्ये सुरू व्हायच्या. गुडघे, लोणच्याच्या काकड्या, ल्युदाची सून. रशियाचं युद्ध सुरू झाल्यावर त्यांनी ठरवून टाकलं होतं, युद्धावर एक शब्द बोलायचा नाही. नाही बोलल्या. जहाजांसाठी काकूंना ल्युदाकडून बातमी कधीच लागली नाही. ती त्यांची पन्नास वर्षांची मैत्रीण होती, बाकी काही नाही.

शेवटी तार्तूसहून सामान भरून ती जहाजं निघाली. काकूंनी जिब्राल्टरपासून त्यांचा माग काढला. यान त्या फेरीत बरेच महिने बाहेर होता, आणि तो सुखरूप आला की सत्यनारायण घालीन असं त्या देवाला बोलल्या होत्या. जहाजं इंग्लिश खाडीत शिरल्याचा फोटो आला, ती पुढे सोपवून यानचं जहाज कधी परतेल याचा काकूंनी बोटांवर हिशेब केला, आणि मंडळाच्या ग्रुपवर आमंत्रण टाकलं. चि. यान येत्या गुरुवारी बंदरात लागत आहे, रविवारी आमचे घरी सत्यनारायण, तीर्थप्रसादास अवश्य यावे. बंदराचं नावही होतं.

तुम्ही म्हणाल, एवढी हुशार बाई, असं कसं केलं? अहो, आपल्याकडे कुणी दुबईहून येणार असलं तरी अख्ख्या गल्लीला विमानाची वेळ पाठ असते. पूजेचं आमंत्रण द्यायचं तर कोण कधी येतोय हे सांगायलाच हवं. मला स्वतःला तो मेसेज वाचून काही खटकलं नाही. मी अंगठा दिला आणि केळी मी आणते म्हणून कळवलं. एकाने अभिमानाने तेच आमंत्रण यानच्या गणवेशातल्या फोटोसकट स्वतःच्या फेसबुकवर लावलं.

जहाज गुरुवारीच आलं. धक्क्यावर नौदलाच्या सुरक्षा विभागाची दोन माणसं यानची वाट पाहत होती. ही तारीख अजून जहाजावरच्या लोकांच्या बायकांनाही सांगितलेली नव्हती, मग तुझ्या आजीला कशी कळली, असं त्यांनी विचारलं. ती रशियन जहाजांवरून काढते, यानने खरं ते सांगितलं. मग पुढचा प्रश्न साहजिकच होता. तुझी आजी रशियन जहाजांवर लक्ष का ठेवते, आणि दर रविवारी तिला बाल्तीयस्कहून कोण फोन करतं? चौकशी पूर्ण होईपर्यंत त्याला जहाजावरून उतरवून किनाऱ्यावर कचेरीच्या कामाला बसवलं.

तरी तो रविवारी पूजेला आला. सोवळं नेसून चौरंगापुढे बसला, सांगतील तिथे पळीने पाणी सोडलं. कथा संपल्यावर काकू प्रसादाचा शिरा वाढायला स्वयंपाकघरात आल्या. मी तिथे द्रोण पुसत होते. यान मागोमाग आला आणि त्याने दार लोटून घेतलं. आजीला ओमा म्हणत तो जर्मनमध्ये बोलत होता, काकू मराठीत.

"ओमा, तो फोन."

"ल्युदाचा? तिचा काय संबंध? मी पेपर वाचून काढलं, सांग त्यांना. मी येते, मी सांगते."

"सांगितलं. बहुतेक त्यांना पटलंय. पण फोन चालू राहिला तर मला परत जहाजावर घेणार नाहीत. तुला मी काही करायला सांगत नाहीये. फक्त कसं आहे ते सांगतोय."

त्याचा आवाज चढलेला नव्हता, आणि तो रागावला असता तर बरं झालं असतं असं मला वाटलं. लहानपणापासून त्या पोराला जहाजाशिवाय दुसरं काही नको होतं, हे आम्हाला दोघींनाही माहीत होतं.

"तिला एकदा कळवते की यापुढे..."

"कळवायचं म्हणजे फोनच ना, ओमा."

काकूंनी झारा परातीत ठेवला. "बरं," म्हणाल्या. मग पुन्हा उचलला आणि मला म्हणाल्या, "द्रोण दे."

बाहेर सगळे प्रसाद खात बसले होते तेव्हा फोन वाजला. रविवारच होता. काकू हातात परात घेऊन उभ्या होत्या. फोन वाजत राहिला. कुणीतरी म्हणालं, "काकू, फोन."

"राँग नंबर असेल," त्या म्हणाल्या. "अजून कुणाला शिरा?"

त्यानंतर कित्येक रविवार तो वाजला. मी मुद्दाम त्या वेळी खाली जाऊन बसायचे. फोन वाजायला लागला की काकू उठून नळ सोडायच्या आणि धुतलेलीच भांडी पुन्हा धुवायच्या. मी त्यांच्याकडे पाठ करून बसायचे. मला रडू यायला हवं होतं, ते आलं नाही. नुसतं अंग जड व्हायचं, कारखान्यात सलग दोन पाळ्या केल्यावर होतं तसं. मग एका रविवारी तो वाजलाच नाही. "थांबला," काकू म्हणाल्या, आणि चहा टाकला.

त्यांनी जहाजंही सोडली. टॅब कपाटात गेला. एकदा मीच म्हणाले, "काकू, खाडीत परत दोन रशियन जहाजं आलीत म्हणे."

"असतील."

"बघत नाही का?"

"नको गं. मला कळलं तर मी कुणाला तरी बोलेन."

यानला जहाज परत मिळालं. तो समुद्रावर गेला की काकूंना तो कुठे आहे हे आता खरोखरच कळत नव्हतं. आला की "जेवलास का?" विचारायच्या, तो जर्मनमध्ये "या", म्हणजे हो, म्हणायचा, आणि तरी त्या वाढायच्या. बंदराचंही बोलायच्या बंद झाल्या. मी नोकरी बदलायचं म्हणत होते, म्युनिक की इथेच असं चाललं होतं, तर नुसतं "तुला ठीक वाटेल ते कर" म्हणाल्या. मी घरी येऊन दिवा न लावता बसून राहिले.

पुढच्या वर्षी उन्हाळ्यात काकू गेल्या. हृदयाचं दुखणं, दवाखान्यात चार दिवस. यान समुद्रावर होता, त्याला यायला एक दिवस उशीर झाला. सगळं उरकल्यावर त्याने मला जिन्यात गाठलं.

"तिकडे कुणीतरी सांगायला हवं," तो म्हणाला. "मला करता येणार नाही."

नंबर काकूंच्या फोनमध्येच होता. मी रविवारी दुपारी, जेवण झाल्यावर, त्यांच्या रिकाम्या घरात खुर्चीवर बसून लावला. पहिल्याच रिंगला उचलला गेला.

"मी ड्रेस्डेनहून बोलतेय. वरच्या मजल्यावरची."

मग तेच स्वच्छ जर्मन. "माझी सांगलीची मुलगी. आता फोन केलास होय? मला केव्हाच कळलं होतं. मागच्या वर्षी तिने एका रविवारी फोन उचलला नाही, मग दुसऱ्या रविवारी नाही. जिवंत असती तर तिने असं केलं नसतं. मी चर्चमध्ये तिच्या नावाची मेणबत्ती लावली. वर्ष झालं तेव्हा शेजाऱ्यापाजाऱ्यांना तिच्या नावाने जेवूही घातलं."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"फार त्रास झाला का तिला?" ल्युदाने विचारलं.

"नाही."

"त्याच रविवारी गेली ना? फोन उचलला नाही, त्याच?"

"हो," मी म्हणाले. "त्याच रविवारी."