दोन डोलकाठ्यांची नोंद

आमच्या समोरच्या फ्लॅटमधल्या काकांएवढा मोठा दर्यावर्दी अख्ख्या शारजात झाला नसेल, आणि पाण्याला त्यांच्याएवढा घाबरणाराही. दुबईची खाडी ओलांडायला अब्रात, म्हणजे त्या लाकडी होडीत, पाच मिनिटं बसायचं तरी खिशात आवळासुपारी लागायची. पण हॉलमधल्या टेबलावर त्यांनी स्वतः बांधलेलं, तीन डोलकाठ्यांचं, हातभर लांबीचं एक फ्रेंच लढाऊ गलबत उभं असायचं आणि त्याची कारकीर्द सांगताना त्यांना धाप लागायची नाही. सकाळी मी त्यांच्याच गाडीतून दुबईला जायचो. शारजाहून निघताना काकांच्या गोष्टीत गलबत पाण्यात उतरायचं, गाड्या तुंबल्या की इंग्रज त्याला पकडायचे, निशाण बदलायचं, ते उलटून फ्रेंचांवरच तोफा डागायचं, आणि माझं ऑफिस येईतो बंदरात तरंगता तुरुंग होऊन कैदी सांभाळायचं. "जन्म एकीकडे, नोकरी दुसऱ्याच्या निशाणाखाली. म्हणजे आपलंच की हो!" काका म्हणायचे. एकदा माझ्या मुलीने विचारलं, "अंकल, डिड इट सिंक?" काका दुखावले. "सिंक? अगं, रिटायर झालं ते!"

गलबताचं दुखलंखुपलं ते एका वहीत टिपायचे. 'फडक्याचा हल्ला. पुढचं शीड फाटलं,' अशी नोंद मी वाचली आहे.

आता जे तीन वर्षं कुणालाच सांगितलं नव्हतं ते सांगतो. काका सुट्टीवर नाशिकला गेले, तेव्हा गलबत माझ्याकडे होतं. गणपती आले. आमच्याकडे ते ज्या टेबलावर होतं, मखराला तेच हवं होतं, म्हणून मी गलबत बाल्कनीत ठेवलं. शारजाच्या त्या उन्हात! दुसऱ्या दिवशी आरतीनंतर बघतो तर डिंक पातळ होऊन दोन डोलकाठ्या आडव्या. काका आल्यावर मी म्हणालो, "नातूरने अख्ख्या इमारतीचा एसी दिवसभर बंद ठेवला हो." नातूर म्हणजे आमच्या इमारतीचा वॉचमन. त्या बिचाऱ्याने बटणाला हातही लावला नव्हता. काका भांडले नाहीत. फक्त दर शुक्रवारी थर्मासमधून त्याच्यासाठी खाली न्यायचे तो चहा बंद झाला. नातूर मलाच विचारायचा, "साब, अंकल नाराज है क्या?" मी लिफ्टचं बटण दाबत राहायचो.

यंदा काका कायमचे नाशिकला निघाले. सामान बांधताना माझ्याच्याने राहवलं नाही. सगळं सांगून टाकलं.  काकांनी वही काढली, नातूरवर ठपका ठेवणारी जुनी नोंद खोडली. "गणपतीचा कितवा दिवस?"

"दुसरा. काका, मी खरंच..."

"थांबा, लिहू द्या." त्यांनी लिहिलं: 'ऋषिपंचमी. बाल्कनी. उन्हाने दोन डोलकाठ्या गेल्या. खलाशाने उशिरा का होईना, कबूल केलं.' मग बांधलेल्या खोक्यातून थर्मास उपसून काढला आणि मला म्हणाले, "चहा टाका. आधी नातूरची माफी मागायचीय. तुम्हीही चला."

काका जाताना ठेवून गेले ते गलबत आता माझ्याकडे आहे, हॉलमध्ये, सावलीत. वहीही इथेच आहे, त्या नोंदीपुढे कोरी. शुक्रवारचा चहा मी खाली नेतो. नातूर पहिला घोट घेऊन दर वेळी विचारतो, "अंकल का फोन आया?"