मरणारे सर

मरणारे सर इतके सुरेख मरायचे, की दुबईतल्या देरा भागातल्या आमच्या ऑफिसात तालमीच्या वेळी ते पहिल्यांदा कोसळले, तेव्हा अकाउंट्सच्या मेननबाईंनी थेट अँब्युलन्सला फोन लावला होता. सर उठून त्यांची माफी मागत होते आणि मनातून खूश होते. "मरायला काही लागत नाही," ते मला म्हणाले. "मेल्यावर पापणी हलू न देणं, हा खरा धंदा."

ते मूळचे ग्लासगोचे. चाळीस वर्षं टीव्ही मालिका आणि सिनेमांतून त्यांनी पोस्टमन, हवालदार, दारुडे केले आणि बहुतेकदा पहिल्या अर्ध्या तासात जीव दिला. बायको अबुधाबीच्या एका हॉस्पिटलात नर्स होती, तिच्यामागून ते इथे आले. ती वारली, तरी परतले नाहीत. आमची कंपनी तेल कंपन्यांसाठी सेफ्टी फिल्म बनवायची. त्यांत सर शिडीवरून पडायचे, गॅसने गुदमरायचे. 'मरणारे सर' हे नाव ऑफिसनेच ठेवलेलं. त्यांना ते आवडायचं.

मी तिथे कोऑर्डिनेटर होते. एकदा आमच्या कंपनीला एका मोठ्या सिनेमाचं इथलं काम मिळालं आणि त्यात सरांना एका बापाचा रोल मिळाला. बंदरावर मुलाला भेटतो, त्याची क्षमा मागतो आणि जिवंत राहतो. नऊ वाक्यं होती. रोज दुपारी पॅन्ट्रीत ते बाप व्हायचे, मी मुलगा. माझ्या इंग्रजीतून वसई डोकावते म्हणून मी अडखळत वाचायचे. त्यांनी मला थांबवलं. "मला जन्मभर सगळे सांगत आले, तुझी बोली घरी ठेवून ये. मी ठेवली. तू नको ठेवूस."

शूटिंगच्या दिवशी नववं वाक्य संपलं, तेव्हा लाइटवाले पठाणसुद्धा हातातलं काम सोडून बघत होते.

सिनेमा लागायच्या तीन आठवडे आधी कळलं, की लांबी कमी करताना तो सीन काढलाय. मी सरांना फोन करायला उठले, तर आमच्या कंपनीच्या साहेबांनी अडवलं. "अभी मत बोलना. उनके साथ दो सेफ्टी फिल्म बाकी हैं." मी खाली बसले. माझा व्हिसा रिन्यूअलला होता, हे मी तेव्हा स्वतःला सांगितलं, आजही सांगते.

त्या तीन आठवड्यांत सरांनी दोन्ही फिल्म केल्या, आणि स्वतःची तिकिटं काढून सहा जणांना सिनेमाला बोलावलं. बिल्डिंगचा वॉचमन, न्हावी, बायकोच्या मैत्रिणी. स्वतः टाय लावून आले. मी शेजारी बसले होते. बंदर आलं आणि गेलं. सर हलले नाहीत. शेवटची नावं वर सरकत गेली, दिवे लागले, सफाईवाले आत आले, तरी ते पडद्याकडेच पाहत होते. वॉचमन हळूच म्हणाला, "बहुत अच्छा पिक्चर था, साहब." सरांनी त्याचे आभार मानले.

बाहेर पार्किंगमध्ये त्यांनी मला विचारलं, "तुला माहीत होतं?"

"नाही," मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं, नवख्या नटाकडे पाहावं तसं. "खोटं बोलताना खाली बघू नये," एवढंच म्हणाले आणि टॅक्सी थांबवली.

पुढच्या महिन्यात ते ग्लासगोला गेले. मला वॉचमनकडून कळलं.

यंदा त्यांच्या मुलीचा मेल आला. बाबा गेले. दुबईत एका मोठ्या सिनेमात आपण बापाचं काम केलंय, असं ते नातवंडांना सांगायचे. सिनेमात मात्र ते कुणालाच सापडत नाहीत. तेवढा भाग मिळेल का? मी सगळीकडे विचारलं. त्या शूटिंगची हार्डडिस्क कधीच पुसून टाकली होती.

मी तिला सगळं लिहिलं. सीन काढला होता, मला तीन आठवडे आधी ठाऊक होतं, त्यांनी विचारलं तेव्हा मी खोटं बोलले. आणि ती नऊ वाक्यं, मला तोंडपाठ होती ती, खाली लिहून पाठवली.

तिचं उत्तर आलेलं नाही.