छाटलेली बिडी

गोंदियाहून आमगावकडे जाणाऱ्या सडकेला एका शेटजींचा बिडी कारखाना होता. लांबलचक कौलारू दालन आणि त्यात मांडीवर सूप घेऊन बसलेली दीडशे बाया-माणसं. रुख्मा त्यातलीच एक. सगळ्यांचे हात चालू असताना बकाराम नावाचा म्हातारा मोठ्यानं वर्तमानपत्र वाचायचा. त्याच्या वाट्याच्या बिड्या बाकीचे वळून द्यायचे. देश स्वतंत्र झाल्याची बातमी रुख्मानं तिथंच ऐकली. पुढं कारखान्यांचा नवा कायदा आल्याचंही तिथंच कळलं. आठवड्याची सुट्टी, प्यायचं पाणी, लेकरांसाठी पाळणाघर, असं बरंच काही त्यात होतं.

शेटजींनी यातलं काहीच दिलं नाही. त्यांनी कारखानाच बंद केला.

त्या सोमवारी फाटकाला कुलूप होतं. मुनीम गुलाबचंद पायरीवर उभा राहून म्हणाला, "घबराओ मत. काम बंद नाही झालं. टेकचंद सट्टेदार तेंदूचा पत्ता देईल, तंबाखू देईल. घरी बसून वळा अन् त्याला नेऊन द्या. इथं यायची झंझटच नको."

खरं सांगायचं तर रुख्माला आधी बरंच वाटलं. घरात तीन वर्षांची दुलारी होती. चुलीवर भात ठेवून बिड्या वळता येत होत्या. धानाच्या गिरणीत हमाली करणारा तिचा नवरा श्यामलालही खूश झाला.

पण दिवस गेले तसं तिला कळायला लागलं. टेकचंद हा शेटजींचा माल घरोघरी वाटणारा ठेकेदार. त्याच्या ओट्यावर एकेकीनं जायचं. तो बिड्या उलटसुलट करून मूठ-दोन मुठी बाजूला टाकायचा. ही छाट. म्हणजे खराब माल, त्याची मजुरी नाही. छाट कारखान्यातही निघायची, पण तिथं दीडशे जणांचे डोळे असायचे. इथं समोर एकटी बाई. तोंड उघडलं तर उद्या पत्ता मिळायचा नाही. छाट वाढत गेली, तशा बाया लेकरांनाही पानं कापायला बसवू लागल्या. सुंदरबाईच्या लेकीनं तर शाळाच सोडली.

चार वर्षं अशीच गेली. मग एकदा आमगावच्या बाजारात रुख्मा मिरच्या घ्यायला थांबली आणि शेजारच्या दुकानातल्या सुट्या बिड्यांवर तिची नजर गेली. लहानपणी विळ्यानं कापल्यामुळं तिचा उजवा अंगठा आखूड होता. तिच्या बिडीचं तोंड नेहमी एका बाजूला तिरकं दुमडायचं. ढिगात तशा कितीतरी बिड्या होत्या.

"ह्या कोठून आनल्या, भाऊ?"

"टेकचंदकडून. छाटीचा माल, सस्ता भेटते."

रुख्मानं आयुष्यात पहिल्यांदा एक बिडी विकत घेतली आणि पदराला बांधली.

दुसऱ्या दिवशी ती एकटी गेली नाही. सुंदरबाई आणि आणखी सहा जणींना घेऊन ती टेकचंदच्या ओट्यावर चढली. त्यानं नेहमीसारखी छाट बाजूला टाकली. रुख्मानं ती उचलली आणि एकेक बिडी मोडून खाली टाकायला लागली.

"ए बाई! काय करून राहिली तू?"

"छाट हाये ना? मंग मोडून राहिली. खराब माल बाजारात गेला तं शेटजीचं नाव खराब होईन."

टेकचंदचा चेहरा उतरला. "उद्यापासून तुझा पत्ता बंद," तो म्हणाला.

सुंदरबाईनं आपलं सूप खाली ठेवलं. "मंग माहाही बंद."

त्यानंतर अकरा दिवस गावात कोणी पत्ता उचलला नाही. चुली कशा पेटल्या ते ज्याचं त्याला ठाऊक. श्यामलाल आधी चिडला, मग स्वतःच गिरणीतली तांदळाची कणकी आणून शेजारच्या दोन घरी देऊन आला. टेकचंदनं पत्ता पलीकडच्या गावात नेला, तर रुख्मा त्याच्या आधी तिथं जाऊन बसलेली. तिनं फक्त ती बाजारातली बिडी दाखवली आणि काय घडलं ते सांगितलं. त्या गावच्या बायांनीही पत्त्याला हात लावला नाही. बाराव्या दिवशी टेकचंदनं कबूल केलं, की सगळ्या एकत्र येतील आणि छाट सगळ्यांसमोर मोडली जाईल.

एवढ्यावर थांबेल ती रुख्मा कसली! कारखाना नुसता नावाला बंद आहे, काम शेटजींचंच चालतं, असा अर्ज तिनं बकारामकडून लिहून घेतला. वर्षभरानं कामगार खात्याचे साहेब गोंदियाच्या डाक बंगल्यात सुनावणीला आले. शेटजींचे वकील म्हणाले, "माझे पक्षकार या बायांना ओळखतही नाहीत."

रुख्मा उठली. "शेटजी आमाले वळखत नसतीन, साहेब. पन त्याईच्या बिड्या आमी वळखतो. मंगवा एक कट्टा."

शिपायानं दुकानातून शेटजींच्या छापाच्या बिड्यांचा कट्टा आणला. तिनं तो सोडला. "हे सुंदरबाईची, तिचा दोरा खाली असते. हे माही."

साहेबांना खरं वाटेना. त्यांनी रुख्माला भिंतीकडं तोंड करून बसवलं, तिच्याबरोबर आलेल्या सात जणींकडून एकेक बिडी वळून घेतली आणि सगळ्या एकत्र केल्या. रुख्मानं सातही बिड्या ज्यांच्या त्यांच्या हातात नेऊन दिल्या. साहेबांनी लेखणी उचलली आणि ते बराच वेळ लिहीत राहिले.

निकाल लागायला पुढं चार वर्षं गेली. मध्येच राज्य बदललं, कागद नागपूरहून मुंबईला गेले. तोवर बकारामही वारला. अखेर अठ्ठावन्न साली हुकूम आला. या बाया शेटजींच्याच कामगार, सट्टेदार फक्त मधला माणूस. पण बंद कारखाना उघडायला शेटजींना भाग पाडता येत नाही. दालनात तर कधीच तांदळाची पोती लागली होती.

"मंग जिकलो का हारलो वं?" सुंदरबाईनं विचारलं.

रुख्मा म्हणाली, "कारखाना गेला, बाई. पन आता शेटजीले 'मी वळखत नाही' म्हनता येनार नाही."

हुकमाची नक्कल घेऊन पुढची दोन वर्षं ती गावोगाव फिरली. कोणी बोलावलेलं नसायचं. दरेकसाला ती सकाळच्या पॅसेंजरनं गेली, तेव्हा तिथल्या बाया दारातूनच विचारू लागल्या, "तुमी कोन्या पार्टीच्या?"

"पार्टीची नाही. बिड्यावाली हाये," ती म्हणाली आणि कोणी सांगायच्या आत ओसरीवर बसून त्यांच्याबरोबर पानं कापायला लागली. संध्याकाळी पंधरा-वीस जणी तिला गाडीपर्यंत पोचवायला आल्या. गाडीला उशीर होता. त्या फलाटावरच बसून राहिल्या, आणि पुढच्या बुधवारी सट्टेदाराकडं मिळून कोणी कोणी जायचं ते तिथंच ठरलं.