वॉटरटाइट झोपडी

दुबईतल्या दोन-तीन उंच इमारतींच्या काचा शैलेंद्र रणदिवे यांच्या ड्रॉइंगप्रमाणे बसलेल्या आहेत. दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कमधल्या एका ॲल्युमिनियम-काचेच्या कंपनीत ते ड्रॉइंग ऑफिसचे प्रमुख होते. २००७ साली मी तिथे टेस्टिंगला लागलो, तेव्हा पहिल्याच दिवशी त्यांनी मला सांगितलं, "कुशल, इथे तोंडी काही नसतं. बदलाची रिव्हिजन कागदावर काढायची, सही घ्यायची, मग वस्तूला हात लावायचा."

पुढे सिनेमालाही त्यांनी हाच नियम लावला.

सिनेमाचं वेड त्यांच्या डोक्यात घातलं हेमा बरुआनं. ती आमची डॉक्युमेंट कंट्रोलर. ऑफिसातल्या प्रत्येक ड्रॉइंगवर तिचा शिक्का असायचा. ती आसाममधल्या नलबारीची. नवरा वारल्यावर चार वर्षांच्या मुलीला सासू-सासऱ्यांकडे ठेवून ती इथे नोकरीला आलेली. जेवणाच्या सुट्टीत ती गोष्टी सांगायची, हिंदीत. त्यातल्या एका गोष्टीआधी तिनं बजावलं, "ये बच्चों को सुलाने की कहानी नहीं है, दादा. जिसको डर लगता हो, डब्बा उठा ले."

ती गोष्ट बाकची. बाक म्हणजे पाण्यातलं भूत. ते माणसाचं रूप घेतं, आवाजही घेतं. नदीकाठच्या झोपडीत एक आई आणि मुलगी राहतात. आई विणलेलं कापड विकायला बाजारात जाते आणि सांगून जाते, मी येईपर्यंत दार उघडू नकोस. रात्री वादळात दारावर थाप पडते. "दार उघड, मी आले." आवाज आईचाच. मुलगी फटीतून पाहते, तर उंबऱ्याशी ओल्या पावलांच्या जागी माशाचे खवले. ती दार उघडत नाही आणि वाचते. दुसऱ्या रात्री पुन्हा थाप, पुन्हा तोच आवाज. शहाणी झालेली मुलगी या वेळी फटीला डोळाही लावत नाही. सकाळी दार उघडते, तर उंबऱ्यावर आई पडलेली असते. गार, भिजलेली, हात दाराला टेकलेला. त्या रात्री आई खरीच आली होती.

"मग?" शैलेंद्र सरांनी विचारलं.

"फिर क्या? खलास."

"असं कसं? शेवटी आई जिवंत होते वगैरे काहीतरी असेल की."

हेमा हसली. "हमारे यहाँ नदी हर साल गाँव ले जाती है, दादा. वापस कब दिया उसने?"

त्यानंतर सर तिला रोज एक गोष्ट सांगायला लावू लागले. त्यातल्या तीन निवडून पूर्ण लांबीचा सिनेमा करायचा, आसामी भाषेतच, असं त्यांनी ठरवलं. मराठी मंडळातल्या उपेंद्र काकांनी कॅमेरा दिला, टोमण्यासकट. "शैल्या, कोकणातली भुतं संपली का रे? आसामहून इंपोर्ट करतोस?" आईच्या कामाला हेमा. मुलीच्या कामाला सरांची आठ वर्षांची दिया. आवाज माझ्याकडे, रंगाऱ्याच्या लांब काठीला बांधलेल्या माइकसकट.

सरांची बायको, साधना वहिनी, सेटवर डबे घेऊन यायच्या आणि चिडायच्या. "घरात मराठी बोल म्हटलं की ही इंग्लिशमध्ये उत्तर देते. आणि आसामी बघा कशी घडाघडा!"

"बट आई, हेमा आंटी डझन्ट शाउट," दिया म्हणायची.

२००८च्या सुरुवातीच्या थंडीत दर शुक्रवारी, सुट्टीच्या दिवशी, आम्ही दोन गाड्या भरून अल ऐनला जायचो. तिथल्या खजुरीच्या बागेत पाण्याचे पाट होते आणि दाट सावली होती. कॅमेऱ्याची चौकट जरा खाली ठेवली की आसाम वाटायचं. पहिल्या दोन गोष्टी तिथेच झाल्या. बाकच्या गोष्टीला मात्र वादळ हवं होतं, आणि वादळ आमच्या कंपनीकडेच होतं. काचेच्या भिंतीची परीक्षा घ्यायला टेस्ट यार्डात विमानाचा पंखा बसवलेला असतो. समोर पाण्याचे फवारे सोडून तो चालू केला की उभ्या माणसाला पडायला होतं. मालकांनी शुक्रवारी यार्ड वापरायची परवानगी दिली.

त्या पंख्यासमोर सरांनी झोपडी उभी केली. बाहेरून बांबूच्या चटया, आतून ॲल्युमिनियमची चौकट. पहिली रात्र म्हणजे खवल्यांचा प्रसंग नीट झाला, कारण त्यात मुलीनं फटीतून बघायचं एवढंच होतं. दुसऱ्या रात्रीच्या प्रसंगाची तालीम घेतली तेव्हा गडबड कळली. हेमा बाहेरून दार ठोठावतेय, हाका मारतेय, आणि आत दिया शांत बसलेली. तिला काही ऐकूच येत नव्हतं. सरांनी सवयीनं दाराला चारी बाजूंनी रबराची पट्टी आणि फटीला काच लावली होती. एवढ्या पाण्यात आत थेंब शिरला नव्हता आणि आवाजही शिरत नव्हता.

"दादा, आसाम की पहली वॉटरटाइट झोंपडी," हेमा पोट धरून हसत होती. "इसमें तो बाक भी बाहर बैठ के रोएगा."

मी म्हटलं, पट्टी आत्ता उपटून टाकू, दहा मिनिटांचं काम. सर तयार होईनात. दार बदललं की फट बदलणार, प्रकाश बदलणार, आधीच्या प्रसंगाशी जुळणार नाही. "नवी रिव्हिजन काढतो. घाईत केलेलं काम पुन्हा करावं लागतं." मग उन्हाळा आला. त्या उन्हात यार्डातल्या पत्र्याच्या शेडशेजारी कुणाला उभं करणं शक्य नव्हतं. थंडीत करू, असं ठरलं.

थंडी आली तोवर मंदीमुळे कंपनीतले प्रोजेक्ट एकामागून एक होल्डवर गेले होते. नवीन ड्रॉइंग नाहीत म्हणजे शिक्का मारायलाही कुणी नको. जानेवारीत हेमाला पत्र मिळालं. व्हिसा रद्द झाल्यावर देश सोडायला महिनाभराची मुदत असते. ती पहिल्या आठवड्यातच निघणार होती. मुलगी आता आठ वर्षांची झाली होती.

सर तिच्या टेबलाशी जाऊन उभे राहिले. "हेमा, एकच सीन राहिलाय. तो नसला तर तिन्ही गोष्टी वाया. पुढच्या शुक्रवारपर्यंत थांब."

तिनं तिकीट पुढे ढकललं.

त्या शुक्रवारी आम्ही यार्डात पोहोचलो तर पंखा जागेवर नव्हता. पंखा भाड्याचा होता; ज्याचा होता तो माणूस आदल्या दिवशी ट्रकमध्ये घालून घेऊन गेला होता. "खलास, साब. सब खलास," वॉचमन वली म्हणाला. झोपडी मात्र तशीच होती. तिला नेण्यात कुणाला रस नव्हता.

हेमानं बादली उचलली, डोक्यावरून पाणी ओतून घेतलं आणि थरथरत म्हणाली, "दादा, बिना तूफान के कर लो. मैं भीग गई ना?"

सर हो म्हणाले. मी रबराची पट्टी उपटली. दिया आत जाऊन बसली. हेमा दारावर थापा मारू लागली.

"माजनी, दुवारखन खोल. मइ आहिछों."

म्हणजे बाळा, दार उघड, मी आले. हेडफोनमधून तो आवाज माझ्या कानात आला. ती दियाला हाक मारत नव्हती, हे मला कळलं. ती हाका मारत राहिली. रडली. थापा हळूहळू कमी होत गेल्या. आता फक्त तिला उंबऱ्यावर पडायचं होतं.

आणि दियानं दार उघडलं.

"कट! दिया, उघडायचं नाही! काय ठरलंय आपलं?"

"बट बाबा, इट इज हर! आय नो इट इज हर!"

पुन्हा बादली, पुन्हा हाका. पुन्हा दार उघडलं. तिसऱ्या वेळी दिया हेमाला बिलगून इतकी रडली की साधना वहिनी पुढे आल्या. "पुरे आता. यल्ला, चल, गाडीत बस." उजेडही गेला होता. दोन दिवसांनी हेमा गेली.

महिन्याभरानं तिचा फोन आला. सरांनी स्पीकर लावला, कारण दिया ऑफिसात आली होती. हेमा दियाशी गोड बोलली, अभ्यासाचं विचारलं. दिया बाहेर गेल्यावर सरांनी विचारलं, "मुलगी कशी आहे?"

"ठीक है, दादा." मग म्हणाली, "पास नहीं आती. दादी के पीछे छुपती है. रात को मैं बुलाऊँ तो अंदर से कुंडी लगा लेती है." कारणही तिनंच सांगितलं, "चार साल मैंने फोन पे वही बाक वाली कहानी सुनाई ना उसको. हर शुक्रवार. उसे पसंद थी."



त्या वर्षाअखेरीस सरांचीही नोकरी गेली. त्यांना दुबईबाहेरच्या हमरिया फ्री झोनमध्ये एका पत्र्याच्या कारखान्यात एस्टिमेटिंगचं, म्हणजे खर्चाचे अंदाज काढायचं काम मिळालं, निम्म्या पगारावर. त्यात फ्लॅट आणि शाळेची फी बसेना. साधना वहिनी दियाला घेऊन पुण्याला गेल्या. सर इतर तिघांबरोबर एका खोलीत राहू लागले.

मी अधूनमधून जायचो. २०११ साली एका शुक्रवारी लॅपटॉप घेऊनच गेलो. बाकी सगळं मी जोडून आणलं होतं. दार उघडतं तो पहिला टेक शेवटी लावला होता. ओली हेमा, दारात दिया, दोघींच्या तोंडावर खरा उजेड. मला तो जमून आल्यासारखा वाटत होता.

"सर, हाच शेवट ठेवू. सिनेमा पूर्ण होतोय."

त्यांनी तो पुन्हा एकदा पाहिला. "हेमाला पाठवशील हा शेवट?"

त्यांनी लॅपटॉप मिटला. "राहू दे."

मग घड्याळ पाहून त्यांनी पुण्याला फोन लावला. दर शुक्रवारची वेळ होती. जेवत होते म्हणून स्पीकर लावला.

"दिया आहे का?"

"झोपलीये," वहिनी म्हणाल्या.

मागे कुठेतरी टीव्ही चालू होता, आणि एक मुलगी इंग्लिशमध्ये कुणाशी तरी हसत बोलत होती. इतका ओळखीचा आवाज की मला हेडफोनची गरज नव्हती. सरांचा घास हातातच राहिला.

"बरं," ते म्हणाले. "उठवू नकोस."