एका गाडीत तीन उमेदवार

एलादिओ ओवेलारच्या घरात चोरून भांडायची सोय नव्हती. त्याचा आवाजच तसा होता. घरात तोंड उघडलं की चौकात ऐकू यायचं, आणि चौकात माझं केस कापायचं दुकान. त्याची बायको लिब्रादा, गाव तिला मानानं न्या लिब्रादा म्हणायचं, दुसऱ्या दिवशी बाजाराला निघाली की माझ्या दारात थांबायची.

"काल कोण जिंकलं रे?"

"तूच की."

"मग ठीक," म्हणायची आणि टोपली सावरत पुढे जायची.

आमच्या सान्ता रुफिनात तेव्हा माणूस जन्मायचा तोच लाल नाहीतर निळा. पक्ष निवडायचा असतो हे आम्हांला ठाऊकच नव्हतं. आडनावासारखा तो बापाकडून यायचा. लग्न, उधारी, देवळातली बसायची जागा, सगळं त्या रंगावर ठरायचं. मी लाल घरचा. एलादिओ निळ्या घरचा. सत्तेचाळीसच्या यादवीत त्याचा बाप नदी ओलांडून आर्जेंटिनात पळाला, तो पुन्हा दिसला नाही. आईनं नवऱ्याचा निळा रुमाल चुलीत घातला आणि पोराला बजावलं, "कुणी विचारलं तर सांगायचं, आपल्याला रंग नाही."

पण बिनरंगी माणसाला आमच्याकडे काम कोण देणार? राजधानीत जनरल बसला होता, तो लाल. गावात काराई रोसालिनो, तोही लाल. काराई म्हणजे आमच्या बोलीत साहेब. रोसालिनो धंद्यानं खाटीक आणि पक्षाच्या गावशाखेचा अध्यक्ष. महापौर वरून नेमून यायचा आणि आधी रोसालिनोच्या ओसरीवर जाऊन तेरेरेचा थंड चहा प्यायचा. शाळेत मास्तर कोण, टपाल कोण वाटणार, हे त्याच ओसरीवर ठरे. पक्षाचं कार्ड नसलेल्यानं शेतात मांडिओकाचे कंद लावावेत आणि गप्प राहावं.

एलादिओनं तेच केलं. फक्त गावच्या जत्रेत तो सोडतीचे आकडे ओरडायचा. त्या आवाजाला माणसं हसायची, गुरं बिथरायची. पुढं शाखेनं चौकातल्या खांबावर भोंगा बसवला, तेव्हा रोसालिनोला जत्रेतला तो आवाज आठवला. त्याच सुमारास एलादिओचं लिब्रादावर मन बसलं होतं, आणि तिचा बाप म्हणत होता, "निळ्याच्या घरात मुलगी देण्यापेक्षा विहिरीत देईन." एलादिओनं कार्डावर सही केली. एका दुपारीच कार्ड मिळालं, नोकरी मिळाली आणि बायकोही ठरली. लिब्रादा पुढं सांगायची, "त्या तिन्हीतली खरी वस्तू मी एकटीच."

भोंग्याचा दिवस लाल पक्षाच्या गाण्यानं उजाडायचा. मग मयतांची नावं, हरवलेली गुरं, वाढदिवस, आणि शेवटी शाखेचे हुकूम. खांबावरून सांगितलं ते घडलं. न सांगितलं ते घडलंच नाही.

म्हातारा काराई सिन्फोरिआनो मेला तेव्हाची गोष्ट. निळ्यांचा जुना पुढारी, दोनदा तुरुंगात जाऊन आलेला. त्याचा मुलगा टोपी हातात धरून भोंग्याच्या खोलीशी आला. रोसालिनो तिथंच बसला होता.

"हे नाव घ्यायचं नाही," तो म्हणाला.

"मेलेला माणूस आहे, काराई."

"मेला तरी निळाच."

एलादिओनं यंत्र बंद केलं, टोपी घातली आणि बाहेर पडला. पहिलं दार माझं. "काराई सिन्फोरिआनो गेले. उद्या सकाळी माती," एवढंच तो म्हणाला, तेही हळू. त्या माणसाला हळू बोलताना मी प्रथमच ऐकलं. मग तो शेजारी गेला, त्याच्या पुढं गेला, लाल दार बघितलं नाही की निळं. संध्याकाळपर्यंत गाव पालथं घातलं. मातीला एवढी माणसं आली की रोसालिनोला कुणाकुणाचं नाव लक्षात ठेवावं हेच कळेना.

"नोकरी गेली असती तर?" मी नंतर त्याला विचारलं.

"मला भोंग्यावरून बोलू नको म्हणाले," तो म्हणाला. "चालू नको असं कुठं म्हणाले?"

एकोणनव्वदच्या फेब्रुवारीत जनरल पडला. त्याच्याच सैन्यानं त्याला पाडलं. आम्ही रेडिओला कान लावून बसलो होतो, आणि रोसालिनोनं दोन दिवस दुकान उघडलं नाही. तिसऱ्या दिवशी उघडलं, कारण नवे मालकही लालच होते. पण काहीतरी सैल झालं होतं. नदीपलीकडची माणसं परत यायला लागली. दोन वर्षांनी बातमी आली: महापौर आता आपण निवडायचा. मत टाकून. गावानं यापूर्वी महापौर निवडलेला कुणालाच आठवत नव्हता.

तीन उमेदवार उभे राहिले. लालांकडून आर्नाल्दो बोगादो, गुरांचा तरुण डॉक्टर. शाखेला रोसालिनोचा मेहुणा हवा होता, पण पक्षातल्या पोरांनी आतल्या आत मतदान मागितलं आणि मेहुणा पडला. निळ्यांकडून काराई तेओफिलो, उभं आयुष्य परमुलखात गवंडीकाम करून नुकताच परतलेला. आणि तिसऱ्या फिदेलिनाबाई. कार्ड घेतलं नाही म्हणून शाळेतल्या नोकरीवरून काढलेल्या. त्यांच्या मागं थोडे लाल, थोडे निळे, आणि माझ्यासारखे रंगाला कंटाळलेले.

एलादिओनं खांबावरून जाहीर केलं, "उद्यापासून मयतांच्या नावांनंतर तिघांनाही बोलायला सारखा वेळ."

त्याच दुपारी रोसालिनो किल्ली घेऊन आला.

"यंत्र शाखेचं आहे, एलादिओ."

"हवा कुणाची आहे?"

"हवेत बोल मग," म्हणत रोसालिनोनं खोलीला कुलूप घातलं.

साठीला टेकलेला माणूस, दुसरं काही येत नाही. घरी जाऊन तो भिंतीकडे तोंड करून बसला. न्या लिब्रादानं एक दिवस बसू दिलं. दुसऱ्या दिवशी तिनं डुकराच्या चरबीचा रिकामा डबा त्याच्यापुढं आपटला.

"हा पत्रेवाल्याकडे ने. कर्णा करून घे."

"तू लालांची ना गं?"

"मी लालच. पण माझ्या नवऱ्याचं तोंड बंद करायचा हक्क माझा आहे, रोसालिनोचा नाही."

कर्णा झाला. शेजाऱ्याची बैलगाडी मिळाली. फिदेलिनाबाईंनी विचारलं, वाडीवस्तीवर माझ्याबरोबर येशील का? पाठोपाठ काराई तेओफिलोनंही तेच विचारलं. एलादिओनं डोकं खाजवलं.

"कर्णा एक, गाडी एक, नरडं एक. यायचं त्यानं बसावं. पण एकमेकांसमोर बोलायचं आणि लोक विचारतील त्याला उत्तर द्यायचं."

"त्यांच्या मांडीला मांडी लावून?" तेओफिलो म्हणाला.

"गाडी लहान आहे, काराई. मांडी लागणारच."

अशी ती गाडी निघाली. एलादिओ पुढं उभा राहून ओरडायचा, "आले हो, आले! मत मागणारे आले! गुरं बांधा, कुत्री धरा, प्रश्न काढा!" माणसं मांडिओका सोलता सोलता येऊन उभी राहायची. मीही दुकान बंद करून मागून चालायचो. असली मजा गावात कधी आली नव्हती.

तेओफिलो बोलायला लागला की आजोबांच्या क्रांतीपासून सुरू करायचा. एका वस्तीवर तो घोडेस्वारांपर्यंत पोचला तेवढ्यात एक म्हातारी ओरडली, "काराई, घोडे राहू दे. माझ्या विहिरीत बेडूक मेलाय, त्याचं काय करशील?"

सगळे हसले. तेओफिलो लाल झाला, म्हणजे त्याच्या परीनं जेवढा होता येईल तेवढा. मग म्हणाला, "मी विहिरी बांधल्यात बाई, तिकडे. कठडा नसेल तर बेडूक पडणारच. तुझ्या विहिरीला कठडा आहे?"

"नाही."

"मग तो आधी." तेवढ्या एका उत्तरानं लोकांनी त्याला क्रांतीची माफी दिली.

इकडं चौकात आर्नाल्दोला भोंगा मोकळा होता. तो बोलायचा आणि खाली दोन कुत्री ऐकायची. गाव गाडीमागं असायचं. एका सकाळी तो हातात टोपी घेऊन गाडीपाशी आला.

"जागा आहे का?"

फिदेलिनाबाई सरकल्या. तेओफिलो सरकला नाही. "तुझ्या खांबाचं काय झालं रे?"

"खांब प्रश्न विचारत नाही, काराई. कंटाळा आला."

रोसालिनोनं निरोप धाडला, निळ्याशेजारी बसलास तर शाखा पाठीशी नाही. आर्नाल्दोनं निरोप आणणाऱ्याला सांगितलं, "त्यांना म्हणावं, गाडीतून सगळ्या गावाच्या गाई दिसतात. ओसरीवरून एकच दिसते."

त्याच दिवशी ओढ्यात गाडी रुतली. बैल हटेनात. एलादिओ कर्ण्यातून बैलांवर ओरडला, तर ते जास्तच बिचकले. शेवटी उमेदवार उतरले आणि गुडघाभर चिखलात उभे राहून एकाच चाकाला लागले. कुणी आधी ढकलायचं यावर त्यांचा वाद झाला. काठावरच्या बायकांनी टाळ्या पिटल्या. न्या लिब्रादा सोपा, म्हणजे आमची मक्याची जाड भाकरी, आणि उकडलेला मांडिओका घेऊन आली होती, ती म्हणाली, "निवडून आल्यावरही असेच घाण व्हा, मग मानेन."

मे म्हणजे आमच्याकडे हिवाळ्याचं तोंड, आणि तो रविवार थंड होता. माणसं ठेवणीतले कपडे घालून रांगेत उभी होती. पूर्वीही जनरलसाठी मतदान व्हायचंच म्हणा, पण तेव्हा निळ्यांच्या प्रतिनिधीला भरपेट जेवायला पाठवून पेटी भरली जायची. या वेळी फिदेलिनाबाईंनी तिन्ही बाजूंच्या माणसांना पेटीजवळच जेवण दिलं. कुणी उठलं नाही. एकमेकांच्या घासाकडे बघत सगळे जेवले.

आर्नाल्दो जिंकला. थोड्याच मतांनी. बाई दुसऱ्या, तेओफिलो तिसरा, आणि दोघंही नगरसभेत गेले. देवळाच्या पायरीवर एलादिओनं कर्ण्यातून निकाल सांगितला. हरलेल्यांची नावंही त्याच दमानं घेतली. मला वाटलं होतं तेओफिलो तडक घरी जाईल. तो पायरीवर चढला आणि आर्नाल्दोला म्हणाला, "तुझ्या पक्षानं मला तीस वर्षं गाव दाखवलं नाही. तू निदान चिखलात उतरलास." आणि हात पुढं केला. तो हात बराच वेळ सुटला नाही.

माझं मत हरलं होतं. तरी त्या रात्री मला छान झोप लागली. हरलो आणि कुणी दार ठोठावलं नाही, हे नवीनच होतं.

आर्नाल्दोनं खांब नगरसभेच्या ताब्यात घेतला आणि एलादिओला परत बसवलं. पक्षाचं गाणं बंद झालं. दर शनिवारी ज्याला काही म्हणायचं असेल त्यानं रांगेत येऊन बोलावं, असं ठरलं. रस्ते लगेच सुधारले नाहीत. दवाखान्याला छप्पर यायला पुढची निवडणूक उजाडली. ती फिदेलिनाबाईंनी जिंकली, आणि आर्नाल्दो मुकाट्यानं गुरांकडे परतला. रोसालिनो एके शनिवारी रांगेत उभा दिसला. बाईंनी खाटकांवर लावलेल्या कराविरुद्ध त्याला बोलायचं होतं.

"वेळ कमी दिला मला," तो खाली उतरताना कुरकुरला.

"पुढच्या शनिवारी या," एलादिओ म्हणाला. "लवकर या, पुढची जागा मिळेल."

नंतर गावात नळाचं पाणी आलं आणि पाणीसमितीचा प्रमुख निवडायची वेळ झाली. शाळेच्या पटांगणात हात वर करून मतदान होतं. दोन पुरुष उभे होते, आणि अचानक न्या लिब्रादा उठून म्हणाली, "मीही." बायकांचे हात भराभर वर गेले. पुरुषांचेही गेले. तिच्या विरोधात फारच थोडे हात होते, आणि त्यांतला एक सगळ्यांत उंच, एलादिओचा.

"लाज नाही वाटत?" मी त्याला कोपरानं ढोसलं.

"ही पाणी बघत बसली तर मला जेवायला कोण घालेल?" तो कुजबुजला. त्याचं कुजबुजणं सगळ्या पटांगणानं ऐकलं.

न्या लिब्रादा हसत हसत निवडून आली. संध्याकाळी मी त्यांच्या घरावरून गेलो. ती ओसरीवर शेजारणींशी पाइपांची चर्चा करत होती. आत एलादिओ चुलीपुढं बसून मांडिओका सोलत होता आणि मोठ्यांदा विचारत होता, मीठ कुठं ठेवलंय म्हणून.