लाइट गेल्यावरचा आवाज

आमच्या घराच्या मागच्या भिंतीला लागून लूमचा, म्हणजे यंत्रमागाचा, कारखाना आहे. लूम चालू असले की आम्ही ओरडूनच बोलतो. "चहा घेतेस का?" हेसुद्धा भांडल्यासारखं. लाइट गेली, लूम थांबले, की अख्खी गल्ली आपोआप आवाज खाली आणते. हे कुणाला शिकवावं लागत नाही. पाहुणे तेवढे ओरडत राहतात आणि आम्ही त्यांना हसतो.

गेल्या महिन्यात शाळेत आम्हा शिक्षकांसाठी माइंडफुलनेसचं शिबिर झालं. शिकवणाऱ्या बाईंनी आम्हाला एकेक मनुका तोंडात धरून बसवलं. एवढा मान मी आयुष्यात मनुक्याला दिला नव्हता. पण खोटं कशाला बोलू, मला ते जमलं. समोर जे आहे त्याकडे पुरतं लक्ष द्यायचं, बस्स. तेव्हापासून मी स्वतःला फार शांत बाई समजायला लागले होते.

त्या दिवशी लेकीला बंगळुरूच्या नोकरीबद्दल पाच वाजेपर्यंत कळवायचं होतं. तिचे वडील गेल्यापासून घरात आम्ही दोघीच. ती टेबलाशी लॅपटॉप उघडून बसली होती. मी भेंडी चिरत होते, अगदी शिबिरात सांगितल्याप्रमाणे. भेंडीची लव, सुरीची धार, बोटांना लागणारा चिकटपणा, सगळं टिपत होते. एकही तुकडा लहानमोठा होत नव्हता.

"आई, ‘हो’ म्हणून कळवू का?" ती ओरडली.

"कळव की! मी कुठे अडवतेय?" मीही ओरडले.

"खरंच चालेल तुला?"

मी उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि लाइट गेली. लूम थांबले. त्या शांततेत माझ्या एकटीचा आवाज गल्लीभर गेला, "मरणार आहे का मी तुझ्यावाचून? जा ना, जा!"

समोरच्या खिडकीत शेजारीण आली. तिचा नवरा याच लूमवर ड्युटी करतो. "भाभी, सब ठीक है ना?"

मी मान हलवली, पण काहीच ठीक नव्हतं. तो आवाज लूमसाठी चढवलेला नव्हता. तो रागाचा होता, आणि रागाच्या खाली नुसती भीती होती. भेंडीचा तुकडा न् तुकडा मला दिसत होता, आणि माझ्या पोटात काय चाललंय ते माझ्याआधी गल्लीला कळलं. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. माझी मलाच लाज वाटली.

लेक चिडली नाही. हळू आवाजात म्हणाली, "आई, लाइट यायच्या आत बोलून टाक. खरं काय ते."

मी घड्याळाकडे पाहिलं. पाच वाजायला थोडाच वेळ होता.

"मला भीती वाटते गं. या घरात मी एकटी ओरडून बोलणार तरी कुणाशी? तू जाऊ नयेस असं वाटतं मला."

तिचा चेहरा उतरला. पुढचं वाक्य माझ्या जिभेवर होतं, तेवढ्यात लाइट आली. लूम पुन्हा सुरू झाले. "थांब!" मी ओरडले, पण तिला ते ऐकूच गेलं नाही. ती लॅपटॉप मिटायला लागली होती.

लूमवरची माणसं एकमेकांचे ओठ वाचतात. या घरात वाढलेली माझी लेक ते अक्षरओळखीच्या आधी शिकली. मी सुरी टाकली, चिकट हातांनी तिची हनुवटी माझ्याकडे वळवली आणि आवाज न काढता म्हणाले, "पण जा."

"नक्की?" तिनेही नुसतेच ओठ हलवले.

मला रडू आवरत नव्हतं. तरी मी पुन्हा म्हणाले, "जा."

ती माझ्या ओठांकडे बघत राहिली. मग तिने लॅपटॉप परत उघडला.